चवथीच्या आदल्या दिवशी आमच्या स्क्रीनरवर दिसलेला निम्मा भाव: तुमच्या तक्रारीला उत्तर

नमस्कार.

तुमचा एक ताऱ्याचा अभिप्राय रात्री वाचला, सकाळी पुन्हा वाचला. तुम्ही लिहिलंय की २६ ऑगस्ट २०२५च्या संध्याकाळी आमच्या स्क्रीनरवर (शेअर चाळून निवडायच्या साधनावर) एचडीएफसी बँकेचा शेअर एका दिवसात ५० टक्के पडलेला दिसला, चवथीत तो आकडा तसाच राहिला, आमचा फोन कोणी उचलला नाही, आणि २८ तारखेला बाजार उघडताच वडिलांच्या नावावरचे शेअर तुम्ही घाबरून विकले. शिवाय आमचे भाव थेट नसतात, बंद भाव ब्रोकरच्या ॲपशी जुळत नाही आणि कंपन्यांचे निकाल लागून गेले तरी पी-ई (भाव भागिले प्रतिशेअर नफा) जुनाच दिसतो, ह्याही तक्रारी आहेत.

पहिली चूक पूर्णपणे आमची. तिच्याबद्दल तुमची आणि तुमच्या वडिलांची मनापासून माफी मागतो. ती कशी झाली हे सगळ्यांना वाचता येईल असं इथेच लिहितो, कारण त्या संध्याकाळी तोच आकडा आमच्या प्रत्येक ग्राहकाला दिसत होता.

बँकेने एकास एक बोनस, म्हणजे प्रत्येक शेअरमागे एक शेअर फुकट, जाहीर केला होता. रेकॉर्ड तारीख, म्हणजे ज्या दिवशी खात्यात शेअर असेल त्यालाच बोनस, ती होती २७ ऑगस्ट. जानेवारी २०२३च्या अखेरीपासून आपल्याकडे सौदे पुढच्याच कामाच्या दिवशी पुरे होतात, त्यामुळे एक्स-तारीख (ज्या दिवसापासून घेतलेल्या शेअरवर बोनस मिळत नाही ती) आणि रेकॉर्ड तारीख बहुधा एकच असते. आम्ही प्रोग्राममध्ये तेच गृहीत धरून बसलो होतो: रेकॉर्ड तारीख उचलायची आणि त्या दिवशी जुने भाव बोनसच्या प्रमाणात खाली आणायचे. पण २७ ऑगस्टला गणेश चतुर्थी, बाजार बंद. २६ला घेतलेला शेअर डिमॅटमध्ये येणार २८ला, म्हणजे रेकॉर्ड तारीख उलटल्यावर. म्हणून एक्स-तारीख एक दिवस अलीकडे आली, २६ ऑगस्टला. सोमवारी १९५०च्या वर बंद झालेला शेअर मंगळवारी हजाराच्या खाली उघडला. त्यात वावगं काहीच नव्हतं. शेअर दुप्पट, भाव निम्मा, गुंतवणूकदाराचा पैसा जवळपास तेवढाच.

आमच्या प्रोग्रामच्या हिशेबी मात्र हे उद्या, २७ला, व्हायचं होतं.

एक्स्चेंजकडून रोज संध्याकाळी भावकॉपी येते, म्हणजे त्या दिवसाच्या सगळ्या शेअर्सच्या भावांची फाईल. ती मागच्या तारखांच्या फायलींना हात लावत नाही. वर्षभराचे जुने भाव बोनस, स्प्लिट (एका शेअरचे अनेक करणं) ह्यांप्रमाणे जुळवून घेणं हे स्क्रीनर चालवणाऱ्याचं काम. आम्ही ते वेळेवर केलं नाही, त्यामुळे नवा भाव जुन्या भावांशेजारी जाऊन बसला. शेअर ५२ आठवड्यांच्या नीचांकाच्या यादीत आला. २०० दिवसांच्या सरासरीच्या कितीतरी खाली दिसू लागला. प्रतिशेअर नफा जुनाच धरल्यामुळे पी-ई निम्मा झाला आणि तोच शेअर ‘स्वस्त’ यादीतही चढला. शेअर्सची संख्या जुनीच राहिल्यामुळे सुमारे १५ लाख कोटींच्या बँकेचं बाजारमूल्य साडेसात लाख कोटी दिसलं. बोनसच्या वेळी जुने भाव, प्रतिशेअर नफा आणि शेअर्सची संख्या ही तिन्ही एकाच संध्याकाळी हलवावी लागतात. एक जरी मागे राहिलं तरी बाकीचे आकडे खोटे पडतात. इथे तिन्ही मागे राहिली.

मला सर्वांत जास्त लागलं ते हे, की ही चूक जागच्या जागी पकडता आली असती. निफ्टीत, म्हणजे ५० मोठ्या कंपन्यांच्या निर्देशांकात, तेव्हा ह्या बँकेचा वाटा सर्वांत मोठा होता, १३ टक्क्यांच्या आसपास. ती खरंच निम्म्यावर आली असती तर एकट्या तिच्यामुळे निफ्टी सहा-सात टक्के कोसळला असता. त्या दिवशी तो टक्काभर घसरला होता, तोही अमेरिकेच्या आयातशुल्काच्या धास्तीने. म्हणजे आमच्याच पडद्यावरचे दोन आकडे एकमेकांना खोटं ठरवत होते आणि ते बघणारं कोणी नव्हतं. आम्ही इनमीन तिघं. दोघं दुपारीच गावाकडे निघाली होती, एक पेडण्याला आणि एक सत्तरीला. मी म्हापशाच्या बाजारात गणपतीच्या वर बांधायच्या माटोळीचं सामान घेत होतो. फाईल आपोआप चढते, तशी चढली. चूक मला २८ला दुपारी कळली आणि संध्याकाळी सुधारली. तोवर तुमची विक्री होऊन गेली होती.

सणाचं कारण मी पुढे करणार नाही. २८ ऑगस्टला गोव्यात चवथीची सुट्टी होती, मुंबईत बाजार चालू होता. ३ डिसेंबरला जुन्या गोव्याचं फेस्त, १९ डिसेंबरला मुक्तिदिन. शनिवार-रविवार आला नाही तर ह्या दिवशी आपल्याकडे सगळं बंद आणि बाजार चालू. उलटंही होतं: १ फेब्रुवारी २०२५ला शनिवार असूनही अर्थसंकल्पासाठी बाजार भरला होता. बाजाराचे आकडे विकणाऱ्याने बाजाराचंच कॅलेंडर पाळायला हवं. आता पाळतो. बाजार उघडा असेल त्या प्रत्येक संध्याकाळी आमच्यापैकी एक जण फाईल चढल्यावर स्वतः तपासतो आणि फोन त्याच्याकडे असतो. एक्स-तारीख आम्ही आता रेकॉर्ड तारखेवरून काढत नाही, एक्स्चेंजने जाहीर केलेलीच घेतो. कोणताही शेअर एका दिवसात २० टक्क्यांहून जास्त हलला की माणसाने खात्री करेपर्यंत तो कोणत्याच यादीत जात नाही, त्याच्यापुढे ‘तपासणी चालू’ दिसतं. ‘शेवटचं अपडेट’ ही सबंध पानाला मिळून एकच तारीख होती, तीही काढली. आता भाव, नफा आणि शेअर्सची संख्या ह्यांच्या तारखा वेगवेगळ्या दिसतात, कारण ते तीन वेगळ्या दिवशी बदलतात.

पी-ईबद्दलही तुमचं म्हणणं बरंचसं खरं आहे. भाव रोज बदलतो, नफा तिमाहीला. मार्चची सोडून बाकी तिमाहींचे निकाल तिमाही संपल्यापासून ४५ दिवसांत द्यायचे असतात. जूनच्या तिमाहीची मुदत १४ ऑगस्टला संपली आणि छोट्या कंपन्या अगदी शेवटच्या दिवसापर्यंत थांबतात. निकाल आधी पीडीएफमध्ये येतो, मशीनला वाचता येणारी एक्सबीआरएल फाईल मागून. आम्ही त्या फाईलची वाट बघतो, कारण कोणी आकडे लाखांत देतं, कोणी कोटींत, आणि घाईत हाताने चढवताना गल्लत होते. ह्या वेळी १५ला स्वातंत्र्यदिन, पुढे शनिवार-रविवार, त्यामुळे तुम्ही बघत होतात त्या कंपनीचा नवा नफा सोमवारी १८ला चढला. तोपर्यंतचा पी-ई मार्चपर्यंतच्या चार तिमाहींच्या नफ्यावर होता, आणि हे आम्ही कुठेही लिहिलेलं नव्हतं. आता प्रत्येक पी-ईखाली तिमाही लिहिलेली असते.

बंद भावाच्या बाबतीत मात्र आमचा आकडा बरोबर होता. त्या दिवसांतला एनएसईचा (नॅशनल स्टॉक एक्स्चेंजचा) बंद भाव म्हणजे तीन ते साडेतीनमधल्या सौद्यांची, शेअर्सच्या संख्येनुसार वजन देऊन काढलेली सरासरी. ॲपवर तुम्ही पाहिलात तो साडेतीनचा शेवटचा सौदा. दोन्ही खरे, पण एक नव्हेत.

थेट भाव आम्ही देत नाही आणि देणारही नाही. एक्स्चेंज थेट, काही मिनिटं उशिराचा आणि दिवसाअखेरचा डेटा वेगवेगळ्या दराने विकते. आम्ही दिवसाअखेरचा घेतो, म्हणूनच वर्गणी इतकी कमी ठेवता येते. स्क्रीनर म्हणजे चाळण. शेकडो कंपन्यांतून दहा-वीस बाजूला काढायच्या आणि मग घरी बसून त्यांचा ताळेबंद वाचायचा, ह्यासाठी रात्रीचा भाव पुरतो. विकत घेताना किंवा विकताना भाव ब्रोकरच्याच पडद्यावर बघा, ही विनंती आता प्रत्येक यादीच्या वर लिहिली आहे.

तुमची वर्षभराची वर्गणी परत केली आहे. खातं वर्ष संपेपर्यंत चालूच राहील, नको असेल तर सांगा, बंद करतो. विक्रीत जे गेलं ते ह्याने भरून निघत नाही, हे मला कळतं.

एक गोष्ट आजच करा. वडिलांचे शेअर रेकॉर्ड तारखेला त्यांच्या डिमॅटमध्ये होते, विक्री झाली २८ला. म्हणजे मूळ शेअर गेले तरी बोनसचे शेअर त्यांचेच. जेवढे विकलेत तेवढेच नवे शेअर त्यांच्या खात्यात जमा झालेले दिसायला हवेत. स्टेटमेंट उघडून बघा. दिसले नाहीत तर ब्रोकरला २६ आणि २७ ऑगस्टची शिल्लक दाखवून विचारा. हवं तर स्टेटमेंट घेऊन आमच्या म्हापशाच्या ऑफिसात या, आपण एकत्र बसून बघू.