आकडा बघितला नाही म्हणून साखर उतरत नाही

'करवीरची लपवलेली दृष्टिसिद्धी परंपरा' या नावाचा एक लांबलचक मेसेज सध्या कोल्हापुरातल्या घरोघरच्या ग्रुपवर फिरतोय. त्याचं सार असं: शके ७०० मध्ये शिलाहार राजांच्या आश्रयाने करवीरात एक दर्शन जन्माला आलं. आपण जसं बघतो तसंच जग घडतं, बघणाऱ्याविना वस्तूच नाही, हा त्याचा सिद्धांत. आद्य शंकराचार्यांनी तो मान्य केला, अंबाबाईचा किरणोत्सव हा त्याचा जिवंत पुरावा, आणि आता क्वांटम विज्ञानानेही तेच सिद्ध केलंय. शेवटी उपदेश: रिपोर्ट उघडू नका, साखरेचा आकडा पाहू नका, कारण पाहणाराच आजार निर्माण करतो.

हा उपदेश नसता तर मी तो मेसेज पुसून गप्प बसले असते. पण शिवाजी पेठेतल्या माझ्या मधुमेही मावशीने तो मनावर घेतला. साखर तपासायचं मशीन कपाटात गेलं. विचारलं तर म्हणाली, "आकडा बघायचाच न्हाई. बघितला की तोच अंगात भिनतोय." गेली कित्येक वर्षं वेळेवर गोळी घेणारी बाई ती. म्हणून हे सविस्तर लिहितेय.

इतिहासाचं आधी आटपते. शके ७०० म्हणजे इ.स. ७७८. तेव्हा दख्खनेत राष्ट्रकूटांचं राज्य होतं. कोल्हापूरच्या शिलाहारांचा काळ दहाव्या शतकापासून सुरू होतो. त्या घराण्याचे कोरीव लेख इतिहाससंशोधक वा. वि. मिराशींनी एकत्र करून छापले आहेत. कुठल्या गावी, कुठल्या देवळाला वा बसदीला (जैन मंदिराला) किती जमीन दिली, इतक्या बारकाव्याने ते लिहिलेले आहेत. भोज दुसरा याच्या राज्यात, इ.स. १२०५ मध्ये, आजऱ्याला सोमदेवाने व्याकरणावर टीका लिहिली, तिचीसुद्धा नोंद उरली. आणि अख्खं एक दर्शन, राजाश्रयासकट, एकही ग्रंथ, एकही आचार्य, एकही ओळ मागे न ठेवता गेलं? मेसेजमध्ये ग्रंथाचं नावही नाही.

शंकराचार्यांचं नाव मात्र धडधडीत वापरलंय, आणि तेच मला सर्वांत जास्त लागलं. वेदान्ताचा आधार असलेल्या ब्रह्मसूत्रांच्या दुसऱ्या अध्यायातल्या दुसऱ्या पादाचं २८वं सूत्र आहे 'नाभाव उपलब्धेः'. बाहेरच्या वस्तू नाहीत असं म्हणता येत नाही, कारण त्या आपल्याला प्रत्यक्ष जाणवतात. हे सूत्र उलगडताना आचार्यांनी विज्ञानवादी बौद्धांना, म्हणजे बाहेर वस्तू नाहीत, फक्त जाणीव आहे असं मानणाऱ्यांना, उत्तर दिलंय, आणि ते किती परखड! पोटभर जेवून तृप्त होत असलेला माणूस 'मी जेवत नाही आणि तृप्तही होत नाही' म्हणाला तर त्याचं कोण ऐकेल, असं ते विचारतात. खांब पाहताना आपण खांब पाहतो, आपलं पाहणं पाहत नाही, हेही तिथेच आहे. लगेच पुढचं सूत्र सांगतं की जागेपणीचा अनुभव स्वप्नासारखा नसतो. आणि पहिल्या अध्यायात, 'जन्माद्यस्य यतः' या सूत्रावरच्या भाष्यात, तर त्यांनी मेसेजच्या बरोबर उलटं लिहून ठेवलंय: वस्तूचं खरं ज्ञान माणसाच्या बुद्धीवर नाही, वस्तूवर अवलंबून असतं. अंधारात खुंट बघून कुणाला माणूस वाटला तर ते खोटं ज्ञान. खुंट तो खुंटच. ज्याने हे लिहिलं त्याच्या नावावर 'बघाल तसं घडेल' खपवायचं, याची चीड येते.

जग हे जाणिवेतच आहे असं मांडणारे विचारवंत आपल्याकडे होऊन गेले, हे खरं. बौद्ध आचार्य वसुबंधू होते, पुढे वेदान्तात प्रकाशानंद होते. पण वसुबंधूंनी आपल्या 'विंशतिके'त विरोधकांचे प्रश्न स्वतःच आधी मांडले: सगळं मनातच असेल तर वस्तू ठरावीक जागी, ठरावीक वेळीच का दिसते? अनेकांना एकच का दिसते? त्यांनी उत्तरं दिली, इतरांनी ती खोडली, शेकडो वर्षं वाद चालला. औषध सोडा, असा निष्कर्ष त्यातून कुणी काढला नाही.

किरणोत्सवाचा मुद्दा कोल्हापूरच्या माणसाने तरी पुढे पाठवायला नको होता. मूर्ती पश्चिमाभिमुख आहे. नोव्हेंबरात आणि जानेवारीअखेरीला मावळतीची किरणं महाद्वारातून आत येतात, आधी चरण, मग कंबर, मग मुखापर्यंत चढतात. सगळा मंडप डोळे लावून उभा असतो. तरी ढग आला किंवा हवेत धूलिकण दाटले की किरणं वाटेतच विरतात. वाटेत बांधकाम आड आलं तर त्याचं मोजमाप घेऊन ते हटवावं लागतं. भक्तांच्या नजरेने किरण हलत असता तर आजवर एकही दिवस हुकला नसता.

क्वांटमबद्दल थोडक्यात. मेसेजवाले ज्याचा आधार घेतात त्या प्रयोगात इलेक्ट्रॉन हा सूक्ष्म कण दोन फटींवर सोडतात. तो कुठल्या फटीतून गेला हे कळायला त्याच्याशी प्रकाश किंवा उपकरण भिडवावं लागतं, आणि त्या भिडण्याने परिणाम बदलतो. प्रयोगशाळेला कुलूप लावून सगळे घरी गेले तरी यंत्र तीच नोंद करतं. तिथे मनाचा, इच्छेचा काही संबंध नाही.

आता आजाराचं. मनाचा शरीरावर परिणाम होतो, हे मला मान्य करावंच लागेल. ताण आला की कॉर्टिसोल, अॅड्रेनॅलिन वाढतं, यकृत रक्तात साखर सोडतं. औषध नसलेल्या, नुसत्या समजुतीच्या गोळीने काहींच्या वेदना कमी होतात, हेही तपासलेलं आहे. पण ताणाने साखर चढली की नाही, हे मोजल्याशिवाय कसं कळणार? तांबड्या पेशी साधारण १२० दिवस जगतात, आणि रक्तातली साखर त्यांच्यातल्या हिमोग्लोबिनला चिकटत राहते. म्हणून तर एका नमुन्यातून तीन महिन्यांची सरासरी निघते. त्या तीन महिन्यांत तुम्ही आकडा पाहिला की नाही, याच्याशी त्या पेशीला देणंघेणं नाही. पावसाळ्यात पंचगंगेवरच्या राजाराम बंधाऱ्याची पातळी ३९ फुटांची इशारा पातळी ओलांडून ४३ च्या धोका पातळीकडे निघाली की आपण दर तासाला आकडा विचारतो. तो विचारायचा थांबवला म्हणून पंचगंगा उतरेल, असं मावशीसुद्धा म्हणणार नाही.

आणि न पाहिलेलं कसं वाढतं ते मावशीच्याच पायाने दाखवलं. नव्या चपलेचा अंगठा लागून बोटाच्या बेचक्यात फोड आला, तो फुटला, कातडं सोललं, आणि तिला पत्ताच नाही. फरशीवर उमटलेला डाग सुनेने पाहिला म्हणून कळलं. वर्षानुवर्षांच्या साखरेने पायाच्या नसा बधिर होतात, दुखणं जाणवत नाही, म्हणून जखम चिघळते आणि काहींवर बोट कापायची वेळ येते. तिने ती जखम पाहिली नव्हती, तिला ती जाणवलीही नव्हती. 'बघणाऱ्याविना वस्तूच नाही' हे खरं असतं तर ती जखम झालीच नसती.

मशीन आता पुन्हा टेबलावर आहे. रोज रात्री सून बॅटरीच्या उजेडात तिचे तळवे आणि बोटांमधल्या फटी बघते. मधुमेह असलेलं कुणी घरात असेल तर तुम्हीही बघा. आणि ज्यांनी हा मेसेज पुढे ढकलला, त्यांनी त्याच ग्रुपवर लिहावं की गोळ्या बंद करू नका, तपासणी टाळू नका. परंपरा खरीच असेल तर ग्रंथाचं नाव, पोथी कुठे आहे आणि त्यातली ओळ कळवा. शंकराचार्यांची ओळ कुठे आहे ते मी वर दिलंय, ती उघडून वाचा.