‘दुधाचेच दात, पडणारच आहेत’ म्हणणाऱ्या फॉरवर्डला उत्तर

गेल्या महिन्यात रात्री साडेदहाला मावसबहिणीचा फोटो आला. तिच्या सात वर्षांच्या मुलीचा डावा गाल, तोंडात अख्खा लाडू कोंबल्यासारखा फुगलेला. खाली विचारणा : "ताई, लवंगेचं तेल दिवसातून किती वेळा लावू?" डॉक्टरला दाखवलंस का, म्हटलं. "अगं, आता मेडिकेड आहे ना आमचं. त्यात दात नसतात." आणि पुरावा म्हणून तिने मला तोच मेसेज पाठवला, जो आमच्या ग्रुपवर तीनदा येऊन गेलाय आणि मी तिन्ही वेळा न वाचता वर सरकवलाय. तेव्हाच उत्तर दिलं असतं तर बरं झालं असतं.

ती अमेरिकेत, न्यू जर्सीतल्या एडिसनला राहते. नवऱ्याची नोकरी गेली, दोन्ही मुली इथेच जन्मलेल्या, म्हणून त्यांना न्यू जर्सी फॅमिलीकेअर मिळालं. या राज्यातल्या मेडिकेडचं, म्हणजे कमी उत्पन्नवाल्यांच्या सरकारी आरोग्य विम्याचं, हेच नाव. मी डॉक्टर नाही. सहा वर्षं एका दातांच्या क्लिनिकमध्ये काउंटरला बसते आणि रोजचे दोन-तीन तास विमा कंपन्यांच्या होल्डवरची तीच ती ट्यून ऐकण्यात घालवते. तेवढ्या अधिकारावर लिहितेय.

मेसेज जसाच्या तसा देत नाही, उद्गारचिन्हांनीच पान भरेल. गोषवारा असा : मेडिकेडमध्ये दातांचे पैसे मिळत नाहीत, फार तर दात उपटून देतात. मुलांचे दुधाचे दात पडणारच असतात, त्यांच्यावर खर्च म्हणजे डॉक्टरांची लूट. लवंगेचं तेल लावा आणि सुट्टीत भारतात दाखवा. मेडिकेड आता खाजगी कंपन्यांच्या हातात आहे, त्यांनी नाही म्हटलं की विषय संपला. एकही डेंटिस्ट मेडिकेड घेत नाही. मोठ्यांना काहीच मिळत नाही. आणि मुलांसाठी वापरलंत तर तुमचं ग्रीन कार्ड गेलं. शेवटी, अर्थातच, ‘जनहितार्थ’.

दुधाच्या दातांपासून सुरू करते, कारण तो गाल त्यातूनच सुजलाय.

दुधाचे दात पडतात, खरंय. पण कधी? पुढचे सहा-सात वर्षांचं असताना हलायला लागतात. मागच्या दुधाच्या दाढा दहा ते बारा वर्षांपर्यंत तोंडात असतात. सात वर्षांच्या मुलीची किडलेली दाढ ‘पडेल आपोआप’ म्हणून सोडायची, म्हणजे तीन ते पाच वर्षं तिने त्या दाढेवर चावायचं, झोपायचं, शाळेत जायचं. शिवाय सहाव्या वर्षाच्या आसपास सगळ्यात मागे एक नवीन दाढ येते. तिच्या जागी आधी काही पडलेलं नसतं, म्हणून आईबापांना ती दुधाचीच वाटते. ती कायमची असते! सत्तरीपर्यंत पुरायला हवी अशी दाढ ‘दुधाचीच तर आहे’ म्हणून किडू दिलेली मी काउंटरवरून दर आठवड्याला बघते.

लवंगेच्या तेलाने ठणका थोडा वेळ बधिर होतो. आजीने लावलं, आईने लावलं, मीही लावलंय. पण ते कीड थांबवत नाही, आणि हिरडीत पू झाला असेल तर त्याला हातही लावत नाही. उलट पोर रडायचं थांबतं आणि आपल्याला वाटतं बरं झालं.

हा मेसेज लिहिणाऱ्याला एका मुलाचं नाव ठाऊक असायला हवं होतं. डिअमॉन्टे ड्रायव्हर, वय बारा, मेरीलँडच्या प्रिन्स जॉर्जेस काउंटीतला. २००७ च्या जानेवारीत तो डोकं दुखतंय म्हणत शाळेतून घरी आला. त्याची आई तेव्हा त्याच्या धाकट्या भावाचे किडलेले दात बघणारा, मेडिकेड घेणारा डेंटिस्ट शोधत वणवण करत होती. मोठ्याच्या दाताकडे लक्ष जायला वेळच नव्हता. त्याच्या एका दाढेतलं गळू मेंदूपर्यंत पोचलं होतं. मेंदूच्या दोन शस्त्रक्रिया झाल्या, तो काही आठवडे हॉस्पिटलमध्ये होता, थोडा सावरलाही होता. २५ फेब्रुवारीला गेला. दाढ काढायला साधारण ८० डॉलर लागले असते असं तेव्हा वर्तमानपत्रांत आलं. हॉस्पिटलचा खर्च अडीच लाख डॉलरच्या घरात गेला. कुटुंबाचं मेडिकेडही मधल्या काळात कागदपत्रांच्या घोळात बंद पडलं होतं. त्यानंतर मेरीलँडने दातांची सगळी व्यवस्थाच बदलली, आणि २००९ च्या केंद्रीय कायद्याने चिपमध्ये, म्हणजे मेडिकेडच्या मर्यादेपेक्षा थोडं जास्त कमावणाऱ्यांच्या मुलांच्या विम्यात, दातांचे उपचार सक्तीचे केले.

दर किडलेल्या दाढेचं असं होत नाही, हे मलाही कळतं. पण गाल सुजलेला असताना ‘सुट्टीत भारतात दाखवा’ हा सल्ला धोक्याचा आहे. सूज, ताप, गिळायला किंवा श्वासाला त्रास, यातलं काही असेल तर तेल शोधू नका, त्याच रात्री इमर्जन्सीत जा. बहिणीलाही मी तेच सांगितलं आणि ती पोचेपर्यंत फोन ठेवला नाही.

आता ‘मेडिकेडमध्ये दात नसतात’. ज्याने हे लिहिलं त्याने कायदा उघडलेलाच नाही. मेडिकेडच्या कायद्यात एकवीस वर्षांखालच्या मुलांसाठी ईपीएसडीटी नावाची तरतूद आहे. १९६७ ची, १९८९ मध्ये आणखी पक्की केलेली. तिच्यात दातांचं कलम वेगळं आहे आणि किमान काय द्यायचं तेही लिहिलंय : वेदना आणि जंतुसंसर्गापासून आराम, दात दुरुस्त करणं, आणि दातांचं आरोग्य टिकवणं. दुरुस्त करणं! नुसतं उपटून हातात देणं त्यात बसत नाही. हे टेक्सासला लागू, अलाबामाला लागू, न्यू जर्सीला लागू. राज्याला मुलांचे दात वगळायची मुभाच नाही. फिलिंग, दाढेवर बसवायची स्टीलची कॅप, फ्लोराइडचा लेप, दाढांच्या खाचा बुजवणारं सीलंट, सगळं यात येतं, गरज असेल तर.

आणि ती गरज त्या त्या मुलापुरती ठरवायची असते. ‘वर्षाला इतकेच डॉलर, पुढे तुमचं तुम्ही बघा’ असं खाजगी विमा म्हणू शकतो. मेडिकेडवरच्या मुलाला तसं म्हणता येत नाही. आमच्या क्लिनिकमध्ये चांगल्या नोकरीवाल्यांचं वर्षाचं कव्हर सप्टेंबरात संपतं आणि मेडिकेडवरच्या पोराची कॅप मंजूर होते, हे मी डोळ्यांनी बघितलंय.

खाजगी कंपन्यांचा मुद्दा अर्धा बरोबर आहे. बहुतेक राज्यांनी मेडिकेड मॅनेज्ड केअर, म्हणजे राज्याच्या वतीने विमा चालवणाऱ्या, कंपन्यांकडे दिलंय, आणि त्यातही दातांचा कारभार कुठे त्याच कंपनीकडे, कुठे वेगळ्या डेंटल कंपनीकडे. टेक्सासात मुलांसाठी दातांचा प्लॅन वेगळा निवडावा लागतो. न्यू जर्सीत तो मुख्य प्लॅनच्या आतच असतो. बहिणीच्या कार्डाच्या मागे दातांचा वेगळा नंबर बारीक अक्षरांत छापलेला होता, आणि तिने कार्ड कधी उलटून बघितलंच नव्हतं. त्या नंबरवर मराठी दुभाषाही फुकट मागता येतो. कुठल्याही भाषेचा तोंडी दुभाषा देणं त्यांना नियमाने बंधनकारक आहे. आई-बाबा सोबत राहत असतील तर त्यांना हे जरूर सांगा.

‘नाही म्हटलं की संपलं’ हे मात्र साफ खोटं. नकार लेखी द्यावा लागतो, कारणासकट. त्यानंतर ६० दिवसांत अपील, त्यावर साधारण ३० दिवसांत उत्तर, तातडीचं असेल तर ७२ तासांत. तिथेही नाहीच आलं, तर राज्यासमोर सुनावणी मागता येते. कंपनीकडून पहिला नकार येणं हा माझ्यासाठी रोजचाच प्रकार आहे. एक्स-रे जोडायचा राहिला, एवढ्यावरूनही नकार येतो. फोनवर गोड आवाजात ‘कव्हर्ड नाही’ सांगितलं तर लेखी मागा, आवाज लगेच बदलतो.

डेंटिस्ट मिळत नाहीत, हे मला नाइलाजाने मान्य करावं लागतंय. ‘एकही नाही’ खोटं, पण देशातले निम्म्याहून कमी डेंटिस्ट मेडिकेड घेतात. दर कमी, कागद जास्त. माझे डॉक्टरही त्यावर कुरकुरतात. यादीतल्या नावांना फोन लावावा तर कोणी दुसरीकडे गेलेलं, कोणी नवीन पेशंट बंद केलेले. बहिणीसाठी मी अकरा फोन केले, नववा लागला. पण शोध एकट्याने करायचा नसतो. प्लॅनला फोन करून ‘तुमच्या नेटवर्कमधला, नवीन मूल घेणारा डेंटिस्ट तुम्ही मला शोधून द्या’ म्हणायचं. पुरेसे डॉक्टर ठेवणं ही त्यांची जबाबदारी आहे. कम्युनिटी हेल्थ सेंटर आणि डेंटल स्कूलमध्येही विचारा. आणि मेडिकेड घेणाऱ्या डेंटिस्टने मेडिकेडमध्ये बसणाऱ्या उपचाराचे वरचे पैसे तुमच्याकडे मागितले तर देऊ नका. मेडिकेडने दिलं तेच पूर्ण बिल, असा नियम आहे.

मोठ्यांचं राज्यावर आहे, इथे कायदा तसा धावून येत नाही. न्यू जर्सीत फिलिंग, रूट कॅनॉल, कवळीपर्यंत बरंच मिळतं. मेरीलँड आणि टेनेसीने २०२३ पासून सुरू केलं. न्यू यॉर्कने कोर्टातल्या तडजोडीनंतर ३१ जानेवारी २०२४ पासून रूट कॅनॉल आणि कॅपचे नियम सैल केले. टेक्सासात मोठ्यांना जवळजवळ काही नाही, तिथल्या वाचकांसाठी मेसेज बरोबर धरा. आणि पैशांची चणचण आली की पहिली कात्री इथेच लागते : कॅलिफोर्नियाने २००९ मध्ये मोठ्यांचे दात काढूनच टाकले होते, म्हणजे यादीतून, आणि सगळं परत यायला २०१८ उजाडलं.

राहिलं ग्रीन कार्ड. २०२२ च्या नियमात मेडिकेड पब्लिक चार्जमध्ये, म्हणजे अर्जदार सरकारवर ओझं होईल का या कसोटीत, धरत नाहीत. मेडिकेडमधलं फक्त सरकारी खर्चाने दीर्घकाळ संस्थेत राहणं धरतात. आणि घरातल्या दुसऱ्या कोणी, म्हणजे मुलांनी, घेतलेले लाभ अर्जदाराच्या नावावर लागत नाहीत. हा नियम रद्द करण्याचा प्रस्ताव नोव्हेंबर २०२५ मध्ये आलाय, त्यामुळे ज्यांचा अर्ज अजून व्हायचा आहे त्यांनी इमिग्रेशन वकिलाला विचारावं. वकिलाला. ग्रुपवरच्या काकांना नाही.

भाचीला त्या रात्री अँटिबायोटिक दिलं. दहा दिवसांनी नवव्या फोनवाल्या डॉक्टरने ती दाढ काढली, वाचण्यातली राहिली नव्हती, आणि मागून येणाऱ्या दाताची जागा राहावी म्हणून तारेचा एक छोटा स्पेसर बसवला. पलीकडच्या दाढेवर स्टीलची कॅप. बिल शून्य. ती कॅप ती येईल त्याला आ करून दाखवते. धाकटी चार वर्षांची आहे, तिची तपासणी येत्या गुरुवारी चार वाजता.