ग्रहण बरोबर आलं, तरी अष्टमी चुकू शकते

नमस्कार. चंद्राचं स्थान साठ पदांच्या, म्हणजे लहान-मोठ्या दुरुस्त्यांच्या, बेरजेने कसं काढायचं, या माझ्या लेखावर तुम्ही मुरूड-जंजिऱ्याहून सविस्तर लिहिलंत. तुमचं म्हणणं थोडक्यात असं: घरातल्या जुन्या ग्रहलाघवी (गणेश दैवज्ञांच्या ‘ग्रहलाघव’ ग्रंथावरून केलेल्या) पंचांगात ग्रहणं वेळेवर येत, डोलीवर (मासेमारीच्या डोल जाळ्यावर) जाणारी माणसं तिथीची पाऊणपट करून भरतीची वेळ सांगतात, तेव्हा साठ पदं हा नुसता विद्वत्तेचा देखावा आहे, आणि त्यात आपल्याच नांदगावच्या गणेश दैवज्ञांचा अपमान आहे.

तुमचा ग्रहणाचा दाखला मला महत्त्वाचा वाटतो, म्हणून आधी तोच घेतो.

ग्रहण लागतं ते अमावास्येला नाहीतर पौर्णिमेला. म्हणजे ग्रहणावरून गणिताची परीक्षा घेतली, तर चंद्र महिन्यातल्या फक्त दोन जागी तपासला जातो. चंद्राची कक्षा लंबवर्तुळाकार असल्यामुळे तो सरासरी जागेच्या पुढे-मागे होतो, जास्तीत जास्त ६.२९ अंश. शिवाय सूर्याच्या ओढीने ती कक्षा कधी जास्त चपटी होते, कधी कमी. या दुसऱ्या परिणामाचं पद १.२७ अंशांचं आहे. अमावास्या-पौर्णिमेला ते नेहमी पहिल्यातून वजा होतं: ६.२९ उणे १.२७, म्हणजे ५.०२. आता सूर्यसिद्धांत हा जुना ज्योतिषग्रंथ उघडून पाहा. चंद्राचं परम मंदफल, म्हणजे सरासरी जागेपासूनचा जास्तीत जास्त फरक, तिथे पाच अंशांच्या अगदी जवळ आहे. ग्रहणांशी जुळणारा आकडा आपल्या पूर्वजांनी इतका अचूक बसवला होता, हे मला आजही थक्क करतं.

पण अष्टमीला तेच पद उलट्या चिन्हाने येतं. तिथे वजाबाकीऐवजी बेरीज होते आणि उत्तर येतं ७.५६. चंद्र त्या वेळी उपभू (पृथ्वीच्या सर्वांत जवळची जागा) आणि अपभू (सर्वांत लांबची) यांच्या मधोमध असेल, तर पाच अंशांचं गणित अडीच अंशांनी कमी पडतं. सूर्याच्या मानाने चंद्र तासाला साधारण अर्धा अंश सरकतो, म्हणजे अष्टमी संपण्याची वेळ पाच तासांपर्यंत हुकू शकते. तुमच्या पंचांगात ग्रहण बरोबर आणि अष्टमी चूक, हे दोन्ही एकाच वेळी खरं असू शकतं. ‘बाणवृद्धी रसक्षय’ म्हणजे तिथी ५४ ते ६५ घटींची (एक घटी २४ मिनिटांची), हा जुना नियमही अशाच पदांच्या अभावाने अपुरा पडतो. प्रत्यक्षात ती सुमारे ५० घटींपर्यंत आखडते आणि ६७ घटींपर्यंत लांबते.

यानंतरचं पद ०.६६ अंशाचं, चतुर्थी आणि द्वादशीच्या आसपास सर्वांत मोठं. त्यापुढे ०.२१, ०.१९, आणि मग लहान होत जाणारी रांग. ही रांग कुठे तोडायची? पंचांगात तिथीची समाप्ती मिनिटांत छापतात, आणि एक कला (अंशाचा साठावा भाग) चुकली की तिथी दोन मिनिटं चुकते. साठ पदांनी चूक दहा विकलांपर्यंत (विकला म्हणजे कलेचा साठावा भाग) येते, म्हणजे वेळेत वीसेक सेकंद. त्यापुढची शेकडो पदं मी मुद्दाम सोडली, कारण या कामाला ती लागत नाहीत.

डोलकरांच्या नियमाबद्दल मी पूर्ण तुमच्या बाजूने आहे. पंधरा तिथींत भरती बारा तास पुढे सरकते, म्हणजे तिथीमागे ४८ मिनिटं, बरोबर दोन घटिका. पाऊण तास तोंडी हिशेबाला सोपा आणि होडी काढायला पुरेसा. पण भरती रोज सारखी सरकत नाही. उधाणाच्या (मोठ्या भरतीच्या) दिवसांत ती ४८ मिनिटांपेक्षा कमी सरकते, भांगाच्या (लहान भरतीच्या) दिवसांत एक तासाहूनही जास्त. शिवाय किनाऱ्याने दक्षिणेकडे जावं तशी ती लवकर येते. त्यामुळे बंदरांच्या भरती-ओहोटीची कोष्टकंही अशीच पदं मिळवून करतात: चंद्राचं १२ तास २५ मिनिटांचं, सूर्याचं १२ तासांचं, आणि पुढची कितीतरी.

राहिला गणेश दैवज्ञांचा मान. शके १४४२, म्हणजे इ.स. १५२० मध्ये, त्यांनी ‘ग्रहलाघवा’त ज्या-चापाची (त्रिकोणमितीची) कोष्टकं बाजूला ठेवून सगळं गणित साध्या गुणाकार-भागाकारावर आणलं. अहर्गण, म्हणजे आरंभापासूनची दिवसांची मोजणी, मोठा होऊ नये म्हणून ११ वर्षांचं, ४०१६ दिवसांचं चक्र घेतलं. सौर, आर्य, ब्राह्म या गणिताच्या पक्षांपैकी (परंपरांपैकी) कोणत्याही एकाला बांधून न घेता, ज्याचा जो ग्रह आकाशाशी जुळला तो घेतला. एवढं धाडस करणाऱ्या माणसाच्या नावावर चूक जपून ठेवणं मला पटत नाही. अलिबागजवळच्या नागावचे केरो लक्ष्मण छत्रे यांनी १८६० मध्ये ‘ग्रहसाधनाची कोष्टके’ छापली, आणि दापोलीजवळच्या मुरूडचे (तुमचं नव्हे, ते दुसरं मुरूड) शंकर बाळकृष्ण दीक्षित यांनी या सगळ्याचा इतिहास लिहिला, तेही याच किनाऱ्यावरचे. साठ पदं मला त्यांच्याच वाटेवरची वाटतात.

तुम्हाला स्वतः पडताळायचं असेल, तर अष्टमीच्या आसपास चंद्र चित्रा, मघा किंवा रोहिणीच्या ताऱ्याजवळून जाणार असेल ती रात्र निवडा. अडीच अंश म्हणजे चंद्राच्या पाच बिंबांएवढं अंतर, साध्या डोळ्यांनी कळतं. आणि ते जुनं पंचांग अजून घरात असेल, तर कुठल्याही एका वर्षाच्या सगळ्या अष्टम्यांची घटी-पळं मला पाठवाल का? साठ पदांनी काढलेल्या वेळा शेजारी मांडून तो तक्ता मी इथेच टाकतो. फरक कुठे निघतो आणि कुठे निघत नाही, दोन्ही दिसू दे.