एका स्टारच्या रिव्ह्यूला उत्तर: पॅनवर एक तास नाही, २२ मिनिटं

नमस्कार. तुमचा रिव्ह्यू परवा रात्री वाचला. लगेच उत्तर दिलं असतं तर चुकीचे शब्द गेले असते, म्हणून दोन दिवस थांबलो.

आधी माफी. पबजी (बंदुकांच्या लढाईचा ऑनलाइन गेम) शिकवण्याचं तुमचं सेशन ९ मिनिटं उशिरा सुरू झालं. आधीच्या विद्यार्थ्याची मॅच शेवटच्या झोनपर्यंत गेली आणि मला ती मध्येच सोडवेना. पण त्यात तुमचा काही दोष नव्हता. तुम्ही वेळेवर जॉइन होऊन वाट बघत बसला होतात. ही चूक माझी आणि ती मला मान्य आहे.

आता बाकीचं. तुम्ही लिहिलंय, "पबजी शिकवतो म्हणून पैसे घेतले आणि एक तास फ्रायिंग पॅनवर भाषण दिलं. पॅनच्या दोन फटक्यांत माणूस पडतो म्हणाला. दोन फटके बसले, समोरचा उभाच राहिला आणि त्याने मलाच मारलं. फसवणूक." शेवटचा शब्द मला फार लागला. मी हे काम एकटा करतो, यावरच माझं घर चालतं, आणि नवीन माणूस नाव नोंदवण्याआधी याच पानावर येऊन रिव्ह्यू वाचतो. म्हणून हे लांबलचक उत्तर. मी प्रत्येक सेशन रेकॉर्ड करतो. तुमचं मी पुन्हा पूर्ण ऐकलं, दोनदा.

मीलीचा, म्हणजे बंदुकीशिवाय जवळून मारण्याचा भाग १४व्या मिनिटाला सुरू झाला आणि ३६व्या मिनिटाला संपला. ९० मिनिटांतली २२ मिनिटं. त्यातलीही पहिली सहा तुमच्या प्रश्नात गेली. तुम्ही विचारलंत की फोर्टनाइट या तशाच दुसऱ्या गेममध्ये पिकॅक्स (कुदळ) प्रत्येकाकडे असतोच, मग इथे पॅन शोधत का फिरायचं? प्रश्न चांगला होता, आणि तुम्ही तिकडून आला होतात म्हणून मी तिथूनच सुरुवात केली. फोर्टनाइटचा पिकॅक्स माणसाला लागला तर २० डॅमेज (इजा). एपेक्स लेजेंड्स या तिसऱ्या गेममध्ये साधा ठोसा ३०चा. तिथली महागडी एअरलूम शस्त्रं हातात असली तरी ३०च, कारण ती फक्त दिसायला वेगळी. त्या दोन्ही गेममध्ये मीली म्हणजे बंदूक रिकामी झाल्यावरचा आधार. पबजीत हिशेब वेगळा आहे. क्रोबार (पहार), मॅशेटी (कोयता) आणि सिकल (विळा), तिघांचाही मूळ डॅमेज ६०. पॅनचा ८०. आणि समोरच्याची तब्येत (एचपी) १००. शंभरातले ऐंशी ज्या वस्तूने जातात तिच्यावर २२ मिनिटं जास्त आहेत असं मला अजूनही वाटत नाही.

आता त्या दोन फटक्यांकडे येतो, कारण सगळा राग तिथलाच आहे. रेकॉर्डिंगमधलं माझं वाक्य जसंच्या तसं देतो: "अंगावर वेस्ट नसेल किंवा लेव्हल १ असेल तर पॅनचे दोन बास." वेस्ट म्हणजे अंगावरचं चिलखत, लेव्हल जितकी वरची तितका तो मजबूत. दोन बास, पण कधी, ते त्याच वाक्यात आहे. तुम्ही शेवटचं "दोन बास" लक्षात ठेवलंत आणि आधीची अट सोडलीत.

हा हिशेब मी तेव्हा बोर्डावर मांडला होता. पुन्हा मांडतो, इथे वाचणाऱ्या बाकीच्यांनाही उपयोग होईल. लेव्हल १ वेस्ट ३० टक्के डॅमेज अडवतो, लेव्हल २ चाळीस, लेव्हल ३ पंचावन्न. धडासाठी वेगळा गुणक न धरता सरळ बघा. उघड्या छातीवर पॅनचे दोन म्हणजे १६०, माणूस पडला. पण तिथे क्रोबारचेही दोनच लागतात, १२०. म्हणजे उघड्या माणसासमोर पॅन आणि क्रोबार यांत काहीच फरक नाही, ही गोष्ट बहुतेकांना माहीतच नसते. फरक पडतो तो लेव्हल १ वर. पॅनचा एक फटका ५६, दोन झाले की ११२. क्रोबारचा ४२, दोनचे ८४, म्हणजे तिसरा मारावाच लागतो. हातघाईत तो एक जादा फटका म्हणजे काय, हे ज्याने खाल्लाय त्याला विचारा. लेव्हल २ ला मात्र पॅनचा एक फटका ४८ वर येतो. दोन फटके, ९६.

तुमच्या समोरचा लेव्हल २ घालून होता. ५१व्या मिनिटाला फ्रेम थांबवून बघितलं तर स्पष्ट दिसतं. या हिशेबाने तुमच्या दोन फटक्यांनंतर त्याच्याकडे ४ एचपी उरले होते. चार! तुमचे दोन्ही फटके बरोबर बसले होते, आणि हे मी कौतुकाने सांगतोय. पहिल्याच दिवशी इतक्या जवळ जाऊन, न घाबरता दोन फटके बसवणारे विद्यार्थी कमी असतात. मीलीत क्लिक केल्या क्षणी मार लागत नाही, हात फिरून पुढे येतो तेव्हा लागतो. ते टायमिंग तुम्ही दहा मिनिटांत पकडलंत. ते मी तुम्हाला शिकवलं होतं, एवढं तरी रिव्ह्यूमध्ये यायला हवं होतं असं वाटतं.

मग तिसरा फटका का आला नाही? तुम्ही वळून पळालात म्हणून. बंदूक घ्यायला १ दाबलंत, पण त्या स्लॉटमध्ये बंदूक नव्हती. पोचिंकी या गेममधल्या गावात उतरल्यावर त्या घरात तुम्हाला फक्त पॅन मिळाला होता. पॅन हातातच राहिला, आणि तुम्ही पाठ केलीत. २७व्या मिनिटाला हेच सांगितलं होतं: पॅन हातात नसतो तेव्हा तो मागे कमरेखाली लटकतो आणि तिथे लागणाऱ्या गोळ्या अडवतो. हातात असेल तर समोरून येणारी गोळी पॅनवर आदळली तरच वाचता. तो तुटत नाही, झिजत नाही, पण एका वेळी एकाच बाजूला असतो. हातात पॅन घेऊन पाठ दाखवली की मागे काहीच उरत नाही. तुम्ही तेच केलंत, आणि त्याने नेमकं तिथेच मारलं.

मी तेव्हा ओरडलोही होतो, "थांबा, अजून एक मारा!" रेकॉर्डिंगमध्ये आहे. पण तुम्हाला फोन आला होता म्हणून ४८व्या मिनिटाला तुम्ही माझा आवाज बंद केला होता. फोन येतात, कामं असतात, त्याबद्दल तक्रार नाही. पण मॅच चालू असताना शिकवणाऱ्याचा आवाज बंद करायचा आणि नंतर "फसवणूक" लिहायचं, हे मला पटत नाही. मला ते बोलायचं नव्हतं. पण तुम्ही सगळ्यांसमोर लिहिलंत, त्यामुळे मलाही सगळ्यांसमोरच सांगावं लागतंय.

तुम्ही असंही म्हणालात की मीली शिकणं वाया आहे, कारण बंदुका सगळीकडे मिळतात. मिळतात, पण उतरल्या उतरल्या प्रत्येक घरात नाही. शंभर जण उतरतात, पोचिंकीसारख्या जागी एकाच गल्लीत चार-पाच जण धावत असतात, आणि ज्याला पहिल्या खोलीत काही मिळालं नाही तो त्याच अर्ध्या मिनिटात संपतो. नुसत्या मुठीने किती ठोसे लागतात ते तुम्ही पहिल्या मॅचमध्ये अनुभवलंच. माझ्याकडे येणारे बहुतेक जण लांबच्या निशाण्याने मरत नाहीत, ते या अर्ध्या मिनिटात मरतात. म्हणून मी मीली आधी घेतो, स्नायपिंग नंतर. हा क्रम मी विचार करून ठरवलाय आणि तो बदलणार नाही.

एक मात्र माझ्या लक्षात आलं. लेव्हल २ चा आकडा मी बोर्डावर लिहिला, पण "लेव्हल २ दिसला की तीन" हे तोंडाने ठासून म्हटलं नाही. घाईत असलेल्या माणसाच्या कानात "दोन बास" तेवढंच राहणार, हे मला कळायला हवं होतं. पुढच्या बॅचपासून त्यात काहीतरी करतो, बहुधा वेस्टप्रमाणे फटक्यांचा एक छोटा तक्ता आधीच पाठवेन. वेळेचंही बघतो, दोन सेशनमध्ये थोडी मोकळी जागा ठेवायचा विचार आहे.

तुमची राहिलेली ९ मिनिटं माझ्याकडे बाकी आहेत. त्यांच्या बदल्यात पूर्ण अर्धा तास देईन, हव्या त्या संध्याकाळी, आणि पुन्हा पोचिंकीतच उतरू. रिव्ह्यू काढा असं मी म्हणत नाही. रेकॉर्डिंगची लिंक तुमच्या मेलवर पाठवली आहे, फक्त ४८व्या मिनिटापासून ५२व्यापर्यंत एकदा आवाज चालू ठेवून बघा.