‘डॅनी म्हणजे व्हिलनच ना?’ या प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. हिंदी सिनेमातला नट डॅनी डेन्झोंग्पा याच्यावरचा माझा लेख वाचून तुम्ही लिहिलंय. डॅनी सरळसरळ व्हिलन, त्याला चरित्र अभिनेता म्हणणं हे उगाच कौतुक, आणि ‘साइनो’ या नेपाळी सिनेमावर दोन परिच्छेद कशाला खर्च केले, असं तुम्ही विचारलंय. शिवाय ‘शोले’तल्या गब्बरबद्दल टोकलंय.

गब्बरचं आधी. ‘त्याने गब्बर नाकारला’ असं मी ऐटीत लिहून गेलो. खरं तर त्याच्या तारखा फिरोज खानच्या ‘धर्मात्मा’त अडकल्या होत्या आणि शूटिंग होतं अफगाणिस्तानात. ‘हुकला’ लिहायला हवं होतं. मान्य.

व्हिलनचं मात्र पटत नाही. ‘धुंद’ (१९७३) पुन्हा बघा. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून निघालेला पंचविशीचा पोरगा, आणि भूमिका व्हीलचेअरला खिळलेल्या श्रीमंत नवऱ्याची. पाय गेलेले, म्हणजे जे काही करायचं ते मान, हात आणि आवाज यांतच. तो दुष्ट आहेच, पण बायकोवर खेकसताना त्याची लाचारी आधी दिसते. सिक्कीमच्या युक्सोमचा हा चेहरा ठाकूर म्हणून कसा चालेल, ही शंका सिनेमा सुरू झाल्यावर आठवतही नाही. पुढे ‘खुदा गवाह’मध्ये (१९९२) तो पठाण झाला, तेव्हाही तेच. त्यासाठी फिल्मफेअर मिळालं ते सहाय्यक अभिनेत्याचं. खलनायकाचं वेगळं पारितोषिक तोवर सुरू झालेलं होतं. आदल्याच वर्षी ‘सडक’साठी ते आपल्या सदाशिव अमरापूरकरांनी नेलं होतं.

आता ‘साइनो’ (१९८७). साइनो म्हणजे नातं. कथा डॅनीचीच, दिग्दर्शन उग्येन छोपेलचं, संगीत रणजित गजमेरचं. गजमेर म्हणजे पंचमच्या (आर. डी. बर्मनच्या) ताफ्यात मादल हा नेपाळी ढोल वाजवणारे, ते आपल्या कानांना केव्हाचे ओळखीचे आहेत. मुंबईत वर्षानुवर्षं दुसऱ्यांच्या कथांमधली माणसं वठवणारा नट आपली गोष्ट सांगायला डोंगरातल्या भाषेकडे जातो, यावर दोन परिच्छेद मला कमीच वाटतात.

आणि तुमचा लाडका कांचा चीना, ‘अग्निपथ’मधला डॅनीचा खलनायक. ‘अग्निपथ’ आला ‘साइनो’नंतर तीनच वर्षांनी. नेपाळीत ‘कांछा’ म्हणजे धाकटा, घरातलं शेंडेफळ. आपल्या अलिबागजवळचं मांडवा गिळायला निघालेला माणूस, आणि नाव शेंडेफळ! इकडे आपण त्याला टरकलो. दार्जिलिंगच्या एखाद्या थिएटरात मात्र त्या नावाला खसखस पिकली असणार.