फ्लॅनन बेटावरची ती 'रडणाऱ्या माणसांची डायरी' खोटी आहे, पुढे पाठवू नका

परवा रात्री साडेदहाला मामीचा फोन आला. एवढ्या उशिरा ती कधी करत नाही म्हणून मी घाबरूनच उचलला, तर म्हणाली, "अरे, तो दीपगृहातल्या तिघांचा मेसेज खरा आहे का रे? वेडे झाले आणि एकमेकांना मारलं म्हणे. डायरीत लिहिलंय म्हणे." माझे मामा दीपगृह खात्यात होते, कोकण किनाऱ्यावर तीन ठिकाणी बदल्या झाल्या, आणि पावसाळ्यात वारा सुटला की मामी रात्र रात्र खिडकीशी बसायची हे मी लहानपणी सुट्टीत डोळ्यांनी बघितलंय. मामा जाऊन सहा वर्षं झाली. त्या बाईला झोपायच्या आधी हे वाचायला पाठवायचं? फॅमिली ग्रुपवर टाकणाऱ्याने एकदा तरी शोधून बघायचं ना.

मेसेज तुमच्याकडेही आला असेल. स्कॉटलंडच्या फ्लॅनन बेटावर १९०० सालच्या डिसेंबरमध्ये तीन लाइटकीपर गायब झाले, टेबलावर अर्धवट जेवण, खुर्ची पालथी, घड्याळं बंद, दार आतून बंद, डायरीत भयानक वादळाचं वर्णन आणि मोठी माणसं रडतायत, प्रत्यक्षात म्हणे वादळ नव्हतंच, आणि शेवटी 'यावरच ती गाजलेली कादंबरी आहे, सगळं सत्य'.

तिघं गायब झाले हे खरं आहे. जेम्स ड्युकॅट मुख्य कीपर, थॉमस मार्शल त्याच्या हाताखालचा, आणि डोनाल्ड मॅकआर्थर हा नेहमीचा माणूस आजारी होता म्हणून बदली आलेला. लुईस बेटाच्या पश्चिमेला भर अटलांटिकमध्ये फ्लॅनन बेटांपैकी आयलन मोर नावाचा खडक, त्यावरचं दीपगृह जेमतेम एक वर्षापूर्वी, डिसेंबर १८९९ मध्ये सुरू झालेलं. १५ डिसेंबरच्या रात्री तिथून जाणाऱ्या आर्कटर नावाच्या जहाजाला दिवा दिसला नाही. सामान आणि माणूस घेऊन येणारी हेस्पेरस बोट २० तारखेला जायची ती खराब हवेमुळे २६ ला पोचली, तेव्हा धक्क्यावर कोणीच नाही, रॉकेट उडवलं तरी उत्तर नाही.

आता ती डायरी. माझा सगळ्यात जास्त संताप हिच्यावर आहे. मेसेजमध्ये मार्शलने लिहिलं म्हणून तारीखवार दिलंय, १२ डिसेंबरला 'असं वादळ कधी पाहिलं नाही, ड्युकॅट चिडचिडा झालाय', मग 'मॅकआर्थर रडतोय', मग तिघं प्रार्थना करतायत, आणि १५ ला दुपारी एक वाजता 'वादळ संपलं, समुद्र शांत, देव सगळ्यांच्या वर आहे'. दीपगृह बोर्डाचे सुपरिंटेंडेंट रॉबर्ट म्युअरहेड २९ डिसेंबरला स्वतः बेटावर गेले आणि ८ जानेवारी १९०१ ला त्यांनी रिपोर्ट दिला. त्यात स्वच्छ लिहिलंय की लॉगबुक १३ तारखेपर्यंत भरलेलं होतं, १४ चा तपशील आणि १५ ला दिवा कधी विझवला, सकाळी नऊचं हवामापकाचं आणि तापमानाचं रीडिंग, वारा कसा होता, एवढं पाटीवर लिहून ठेवलेलं, नंतर वहीत उतरवायला. संपलं. दुपारी एकची नोंद कुठल्या वहीत होती मग? रडण्याचा, प्रार्थनेचा त्या रिपोर्टमध्ये एक शब्द नाही. एवढ्या भयंकर ओळी समोर असत्या तर चौकशीला गेलेला माणूस त्या गिळून बसला असता का? माइक डॅश नावाच्या संशोधकाने या नोंदींचा माग काढला तर तो निघाला १९२९ सालच्या एका अमेरिकन मासिकापर्यंत, खळबळजनक 'सत्य' गोष्टी छापणारं मासिक. म्हणजे माणसं गेल्यानंतर २९ वर्षांनी कोणीतरी त्यांच्या नावाने रडणं लिहिलं.

आणि ज्याने एकदा तरी असं रजिस्टर बघितलंय त्याला हे वाचताक्षणी खटकायला हवं. मामांचं रजिस्टर मी बघितलंय, कडेला तेलाचे डाग, आणि आत दिवा लावल्याची वेळ, बंद केल्याची वेळ, वारा, किती लांबवरचं दिसतंय, तेवढंच. मामी फोनवर स्वतःच म्हणाली, "ह्यांना ताप असायचा तरी त्यात नाही लिहायचे, ते सरकारी बुक होतं." मग हाताखालचा पोरगा आपल्या साहेबाचा स्वभाव सरकारी वहीत लिहील, जी साहेब वाचणार, बोर्ड वाचणार?

अर्धवट जेवण, पालथी खुर्ची, हेही खोटं. हे आलंय विल्फ्रिड गिब्सनच्या १९१२ च्या कवितेतून. कवीला तेवढं स्वातंत्र्य आहे, पण कविता म्हणजे पंचनामा नाही. म्युअरहेड सांगतात भांडीकुंडी घासून ठेवलेली, स्वयंपाकघर आवरलेलं, वर दिव्याची साफसफाई करून तेल भरून ठेवलेलं. सकाळची सगळी कामं उरकून माणसं बाहेर पडली होती. काही जण सांगतात ते तीन काळे पक्षी पण त्याच कवितेतले. समुद्रराक्षस आणि भुताच्या जहाजावर मी वेळ घालवणार नाही.

दार आतून बंद नव्हतं. हेस्पेरसवरून आलेला जोसेफ मूर हा कीपर एकटाच वर गेला, फाटक लोटलेलं, बाहेरचं दार लोटलेलं, स्वयंपाकघराचं तर उघडंच. आतून कडी असती तर तो आत कसा शिरला?

घड्याळं बंद होती हे मात्र मान्य, हेस्पेरसच्या कॅप्टनच्या तारेतच तसं आहे. पण ती चावीची घड्याळं, दहा-अकरा दिवस चावी दिली नाही तर बंदच पडणार. मॅकआर्थरचा कोट आत राहिला होता हेही खरं, म्हणजे तो डिसेंबरच्या त्या थंडीत नुसत्या शर्टावर बाहेर गेला. बाकी दोघांचे गमबूट आणि रेनकोट नव्हते. मला तरी यात दोघं अडचणीत दिसल्यावर तिसरा तसाच धावला असं दिसतं. मृतदेह एकाचाही मिळाला नाही, त्यामुळे शंभर टक्के कोणीच सांगू शकत नाही.

पण 'वादळ नव्हतंच' म्हणणाऱ्यांनी पश्चिमेच्या धक्क्याचं वर्णन वाचावं. समुद्रापासून ११० फूट उंचीवर दोरखंड ठेवायची पेटी होती, ती फुटून दोर खाली विखुरलेले, लोखंडी कठडे वाकलेले, काँक्रीटमध्ये बसवलेले रूळ उखडलेले, टनापेक्षा जड दगड जागचा हललेला. २०० फुटांवर कड्याच्या माथ्यावरची हिरवळसुद्धा सोलून निघालेली. आमच्याकडे आषाढात धक्क्यावर उभं राहायला जातात त्यांना हे सांगायला नको. म्युअरहेडचा निष्कर्ष असा की १५ च्या दुपारी तिघं त्या पेटीची व्यवस्था बघायला गेले, अनपेक्षित मोठी लाट त्यांच्याही वर चढली आणि परतताना त्यांना घेऊन गेली. हाच माणूस ७ डिसेंबरला बेटावर जाऊन आला होता, आणि रिपोर्टमध्ये त्याने दुःखाने लिहिलंय की त्यांच्याशी शेवटचा हात मिळवणारा मीच.

कादंबरीबद्दल. एमा स्टोनेक्सची 'द लॅम्पलायटर्स' २०२१ ला आली, तिची प्रेरणा हीच घटना आहे, पण तिने ती कॉर्नवॉलला १९७२ मध्ये नेली आणि माणसं स्वतःची उभी केली. कादंबरी म्हणून जरूर वाचा. 'सगळं सत्य' हे तुमच्या मेसेजने जोडलं.

ड्युकॅटला बायको आणि चार मुलं होती, मॅकआर्थरला बायको आणि दोन मुलं. कीपरांची बिऱ्हाडं लुईसवर ब्रेस्क्लीटला असायची. त्या बायकापोरांच्या माणसाला तुम्ही वेडा नाहीतर खुनी ठरवून 'शेअर करा' लिहिताय.

मामीला हे सगळं सांगितलं. ती थोडा वेळ गप्प होती. मग विचारलं, "आणि तो दिवा? त्या रात्री कोणी लावला?" मूर आणि बोटीवरचे तिघं जण २६ तारखेलाच बेटावर थांबले, त्यांनी लावला, मी म्हटलं. "बरं झालं," म्हणाली, आणि फोन ठेवला.