पालांट गेले, पण लीबमान आलेच नाहीत

छत्रपती संभाजीनगर, धाराशिव, अहिल्यानगर. नामांतराचा विषय निघाला की आमच्या शाळेच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर हल्ली जर्मनीचा दाखला हमखास येतो. ‘त्यांनी नाझींची नावं पुसली तर तो न्याय, आणि आपण केलं की राजकारण?’ मी म्युनिकमध्ये राहतो, म्हणून साक्षीला मलाच उभं करतात. साक्ष द्यायचीच, तर ती एका पुस्तकाची आणि एका प्रकाशकाची देतो.

पुस्तक म्हणजे ‘पालांट’. जर्मन नागरी संहितेवरचं हे भाष्य, तीन हजारांहून जास्त पानांचं, इथल्या जवळपास प्रत्येक वकिलाच्या टेबलावर असायचं. घरभाड्याच्या भानगडीत मी पहिल्यांदा वकिलाकडे गेलो, तेव्हा त्यानेही आधी हाच ठोकळा पुढे ओढला होता. ओटो पालांट हे नाझी राजवटीत कायद्याच्या परीक्षा घेणाऱ्या सरकारी यंत्रणेचे प्रमुख. पहिली आवृत्ती 1938च्या अखेरीस आली. मूळ संपादक गुस्टाव्ह विल्के ऐन वेळी वारले, म्हणून पालांटना आणलं. त्यांनी लिहिलं काय, तर प्रस्तावना आणि उपोद्घात. भाष्य इतरांचं, नाव मात्र ऐंशी आवृत्त्यांवर त्यांचं.

पण मला सांगायचं आहे ते पालांटच्या आधीच्या माणसाबद्दल. ओटो लीबमान, जन्म 1865चा. 1890मध्ये त्यांनी बर्लिनमध्ये कायद्याच्या पुस्तकांची प्रकाशनसंस्था काढली. 1896मध्ये पाउल लाबांट, हेर्मान श्टाउब अशा नामवंत कायदेपंडितांना बरोबर घेऊन त्यांनी ‘डॉइचे युरिस्टेन-त्साइटुंग’ हे पाक्षिक सुरू केलं. मुहूर्त अचूक होता. त्याच वर्षी नागरी संहिता मंजूर झाली आणि 1 जानेवारी 1900पासून ती लागू होणार होती. 2385 कलमं. मुरलेल्या न्यायाधीशांनाही पहिल्यापासून गिरवायला लागणार होतं. अशा वेळी प्राध्यापक, न्यायाधीश आणि वकील यांना एकाच पानावर भांडायला लावणारं नियतकालिक किती चालेल, हे लीबमानना बरोबर कळलं होतं.

दुसरी गोष्ट त्यांना कळली ती अशी, की कोर्टात उभ्या असलेल्या माणसाला पाच खंडांचा ग्रंथ नको असतो. कलम, त्याखाली थोडक्यात अर्थ, निकालांचे दाखले, बस्स. त्यांनी छोटेखानी भाष्यांची मालिका काढली. आडोल्फ बाउमबाख यांचं दिवाणी प्रक्रियेवरचं भाष्य त्यांनी 1924मध्ये छापलं.

लीबमान ज्यू होते. डिसेंबर 1933मध्ये त्यांना संस्था विकावी लागली आणि ती घेतली म्युनिकच्या सी. एच. बेक या जुन्या प्रकाशनसंस्थेने. किंमत रास्त होती की नव्हती यावर वाद घालता येईल. पण ज्याच्यापुढे दुसरा रस्ताच ठेवलेला नाही, त्याच्या सहीला राजीखुशीची सही म्हणायला माझी जीभ रेटत नाही. पुढे त्यांच्या पाक्षिकाचं संपादन नाझींची पाठराखण करणाऱ्या कार्ल श्मिट या कायदेपंडिताकडे गेलं. 30 जून 1934ला हिटलरने आपल्याच साथीदारांची कत्तल करवली, आणि 1 ऑगस्टच्या अंकात श्मिटने ‘फ्युरर कायद्याचं रक्षण करतो’ या मथळ्याखाली तिचं समर्थन केलं. लीबमाननी जवळपास चाळीस वर्षं जपलेल्या नियतकालिकाच्या पानांवर! 1936मध्ये ते बंद झालं. 1942मध्ये बर्लिनमध्येच लीबमान वारले. त्यांच्या छोट्या भाष्यांचा साचा बेककडे राहिला, वाढला, आणि ‘पालांट’ त्याच मालिकेत आलं.

आता ग्रुपवरच्या मित्रांसाठी. जर्मनीने हे नाव झटकन पुसलं नाही. युद्ध संपल्यावर 76 वर्षं ते चाललं. तरुण कायदेपंडितांनी आणि विद्यार्थ्यांनी मागणी लावून धरली, तेव्हाही प्रकाशकाचं म्हणणं होतं की नाव काढल्याने इतिहास बदलत नाही. म्हणजे आपल्याकडे दोन्ही बाजूंनी होणारे युक्तिवाद इथेही झाले, फक्त आवाज बेताचा होता. शेवटी जुलै 2021मध्ये बेकने नावं बदलली. ‘पालांट’चं ‘ग्र्युनेबर्ग’ झालं. वकील-विद्यार्थ्यांच्या हातातल्या लाल कायदेसंग्रहावरचं आणखी एक नाझीकालीन नाव, ‘श्योनफेल्डर’, गेलं. तो संग्रह आता ‘हाबरझाक’ म्हणून ओळखला जातो. त्यात नागरी संहितेचा क्रमांक मात्र अजूनही 20च आहे, कारण तिच्या आधीचे क्रमांक एकेकाळी नाझी पक्षाच्या कार्यक्रमाला आणि नाझी कायद्यांना दिले होते.

निर्णय मला पटतो. पालांटसारख्या माणसाचं नाव रोज उच्चारावं लागणं हा त्या राजवटीच्या बळींच्या वारसांचा अपमान होता. पण नवं नाव कुणाचं आलं? ख्रिस्तियान ग्र्युनेबर्ग हे सर्वोच्च दिवाणी न्यायालयातले न्यायाधीश आणि याच भाष्याचे एक लेखक. माणूस योग्य, वाद शून्य. ‘लीबमान’ हे नाव दिलं असतं, तर पुस्तक उघडणाऱ्या प्रत्येक विद्यार्थ्याने विचारलं असतं, हे कोण? आणि उत्तर देताना 1933चं खरेदीखत काढावं लागलं असतं.

म्हणूनच हा दाखला आपल्या शहरांना सरळ लागू होत नाही. शतकानुशतकं लोकांच्या तोंडी असलेलं गावाचं नाव आणि एका राजवटीच्या अधिकाऱ्याचं पुस्तकावरचं नाव यांना एका तराजूत तोलता येत नाही. साम्य आहे ते वेगळ्याच जागी. 1610मध्ये खडकी वसवली मलिक अंबरने. नहर-ए-अंबरीने तिला पाणी दिलं तेही त्यानेच. मुलाने तिचं फतेहनगर केलं, औरंगजेबाने औरंगाबाद. आता संभाजीराजांचं नाव आहे आणि त्यांच्याबद्दलच्या आदरावर माझा आक्षेप नाही. पण इतक्या वर्षांच्या भांडणात मलिक अंबरची बाजू घेऊन एक मोर्चा निघाल्याचं मला आठवत नाही. औरंगजेब हवा की नको, एवढ्यावरच सभा गाजल्या.

हे मी ग्रुपवर लिहिलं. एकाने अंगठा दाखवला. दुसऱ्याने विचारलं, ‘मग तुझं मत काय, बदलावं की नाही?’ मी लिहिलं, बदला किंवा ठेवा, आधी नहरीची डागडुजी करा आणि तिच्या तोंडाशी मलिक अंबरची पाटी मराठीत, उर्दूत लावा. बेकनेही प्रत्येक ‘ग्र्युनेबर्ग’च्या पहिल्या पानावर लीबमानची हकिगत छापावी. मित्राचं उत्तर आलं, ‘त्याने मतं मिळतात का?’